कोंबड्याची इमारत

प्रिय धैर्यशील,

अनेक आशीर्वाद. ते आधीच लिहून टाकले, कारण पुढं लिहिताना माझं डोकं ठिकाणावर राहील असं वाटत नाही. फोन केला की तू मीटिंगमध्ये असतोस, मेसेज पाठवला की दोन जोडलेले हात पाठवतोस. म्हणून कागद घेतला. कागदाला मध्येच ‘अक्का, नंतर बोलू’ म्हणता येत नाही. मला काय पाहिजे ते पहिल्यांदाच सांगून टाकते. मला आपल्या इमारतीवरचा कोंबडा परत पाहिजे.

हसू नकोस. गेल्या महिन्यात तू पुण्याहून उद्घाटनाला आलास, फेटा बांधून घेतलास, नारळ फोडलास आणि घरी चहा अर्धा ठेवून निघून गेलास. तू वाढलास त्या वसाहतीच्या प्रत्येक इमारतीवर आता तुझं चित्र आहे. पैलवान, त्याच्या शेजारी चप्पल, गुळाची ढेप आणि मिरच्या. काढलंय झकास, मी कुठं नाही म्हणते? पण या इमारतीवर तेच, त्या इमारतीवर तेच, मागच्या दारालाही तेच. वर मोठ्या अक्षरांत ‘इथल्या भिंती इतिहास सांगतात’. कुणाचा इतिहास, लेका? आपल्या वसाहतीत पैलवान कोण होता, एकाचं तरी नाव सांग. इथं भट्टीपुढं उभं राहून कातडी भाजलेली माणसं राहायला आली. त्यातला एकही तुझ्या चित्रात नाही, आपले बाबासुद्धा नाहीत.

तुला माहीत असलेलंच परत सांगते, कारण तू विसरलायस. सरकारनं फाउंड्रीच्या कामगारांना या इमारती बांधून दिल्या, त्या सगळ्या एकाच साच्यात ओतल्यासारख्या. तोच जिना, तीच खिडकी, तोच पिवळा रंग. नंबर घातले होते, पण निम्म्या लोकांना वाचता कुठं येत होतं? बाबा एकदा दुसऱ्या पाळीवरून आले, शर्ट खुंटीला अडकवला, हातपाय धुतले आणि पाटावर बसले. समोर भाकरी-आमटी आली. अर्धी भाकरी संपल्यावर त्यांनी मान वर केली, तर वाढणारी बाई भलतीच. ती पुढं जिला छत्रीची इमारत म्हणायला लागले तिथली शांतादेवी, तेव्हा नवी नवरी होती. तिला वाटलं, नवऱ्याचं कोणी पावणं आलंय. बाबांना वाटलं, शेजारची बाई आईच्या मदतीला आलीय. खुळ्यासारखे दोघं एकमेकांकडं बघत राहिले म्हणे. तरी तिनं जेवण पुरं झाल्याशिवाय उठू दिलं नाही. पावण्याला अर्ध्या ताटावरून उठवायची आपल्याकडं रीत नाही.

वसाहत आठवडाभर हसली. मग सगळ्यांनी मिळून आकाराम पेंटरला गाठलं. थिएटरवर सिनेमाची पोस्टरं रंगवणारा हा गडी इथंच राहायचा. प्रत्येक इमारतीनं आपापलं चित्र ठरवायचं आणि त्यानं ते जिन्याच्या तोंडावर काढायचं, असं ठरलं. काय भांडणं झाली म्हणतोस! हत्ती तिघांना पाहिजे होता. आपल्या लोकांचं काही ठरेना, तेव्हा आई म्हणाली, कोंबडा काढा, सकाळची पाळी चुकायला नको. आकारामनं कोंबडा काढला तो असा, की तुरा नुसता पेटलेला आणि डोळा सिनेमातल्या खलनायकाचा. त्या दिवसापासून आपण कोंबडेवाले. लग्नपत्रिकेवर, रेशनच्या दुकानात, पोस्टमनच्या तोंडी, सगळीकडं कोंबड्याची इमारत. रंग उडाला की दिवाळीआधी आकाराम हात फिरवायचा. फ्लेक्स आले, त्याचं पोस्टरांचं काम गेलं, तरी कोंबड्याचा तुरा त्यानं कधी फिका पडू दिला नाही. तो गेल्यावर आपणच वर्गणी काढून रंग देत राहिलो.

आणि तू? तू आयुष्यात पहिलं चित्र काढलंस ते त्याच कोंबड्याचं, पाटीवर. एक पाय लांब, एक आखूड. आईनं ती पाटी पुसू दिली नाही. बाबांनी तुला दुसरी आणून दिली, आठवतंय? तिनं तुझा पाटीवरचा कोंबडा जपला आणि तू तिचा भिंतीवरचा पुसलास. मी काम सुरू व्हायच्या आधी फोन केला होता की नाही? बाकी काय करायचं ते कर, जिन्यावरची चित्रं तेवढी ठेव म्हटलं होतं. तू म्हणालास, अक्का, सगळं एकसारखं दिसायला पाहिजे, तसं डिझाइनच आहे. बाहेरचे कोणी आले असते तर ही वसाहत रस्त्यावर उतरली असती. पण आपल्याच कोंबडेवाल्यांचं पोरगं आहे म्हणून कोणी ब्र काढला नाही. मला याचाच जास्त संताप येतो.

आता आईचं. तुझं सोडून तिला कुणाचं नाव आठवत नाही हे तुला माहीत आहे. पण रोज सकाळी एकटी दूध घेऊन यायची, कारण परत येताना कोंबडा दिसायचा. कोंबडा पुसल्यापासून मी सोबत जात होते. मंगळवारी माझा डोळा चुकवून ती एकटीच गेली आणि परत आली नाही. मी खाली धावले. ती भलत्याच इमारतीत शिरली होती. तिथं नवीन भाडेकरू आहेत, त्यांनी दारातूनच हाकलली. शांतादेवी राहिली नाही आता, कोण पाटावर बसवणार? मग ती एकेका इमारतीपुढं जाऊन तुझ्या पैलवानाला हात लावत होती आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला अभिमानानं सांगत होती, ह्ये माझ्या धैर्यशीलनं काढलंय. मी जवळ गेले तर तिनं मलाही ओळखलं नाही. म्हणाली, “बाई, माझ्या पोरानं समद्या भिंती रंगवल्या, माझं घर तेवढं कुठं ठेवलं?” याचं उत्तर तू येऊन दे. तेव्हापासून ती जिना उतरलेली नाही. तुझी माफी नको, माणसं पाठवू नकोस, कॉम्प्युटरवरचं चित्र तर नकोच. येत्या रविवारी ब्रश घेऊन स्वतः ये. शिडी खालच्या मजल्यावरच्या बसवेशकडून आणून ठेवली आहे, लाल रंगही आणलाय. आईला जिन्याच्या पायरीवर खुर्ची टाकून बसवते. तुरा कुठपर्यंत घ्यायचा ते ती सांगेल.

तरीही तुझीच,
क्रांतीअक्का