धवलारणीचे कान

विचुंबे, १२ नोव्हेंबर

चि. किशोरी,
आत्याचे भरभरून आशीर्वाद. इथं सगळे बरे आहेत. आमच्या भावेशनं टेम्पो घेतला. कारल्याच्या वेलाला अजून फुलं येताहेत. तुझ्या नावाआधी सौ. लिहायला हात धजावला नाही, रागावू नको.

फोन का करत नाही म्हणशील. तू बोललेलं मला फोन ठेवल्यावर दोन-तीन तासांनी ऐकू येतं. पनवेलचे डॉक्टर याला विलंबश्रुती म्हणतात. कान चांगले, पण दुसऱ्याचा आवाज आत अडकून राहतो. वर्ष होऊन गेलं. कुणाला सांगितलं नाही. असल्या कानांच्या धवलारणीला लग्नात धवले गायला कोण बोलावणार? कुणी बोललं की हसायचं आणि वेळ मारून न्यायची.

तुझ्या लग्नादिवशी सकाळी हळदीला तसंच केलं गं बाई. तू माझ्या कानाशी लागलीस. मी हसले, तुझ्या गालाला हळद लावली आणि पुढचा धवला उचलला.

दुपारी पंगतीत भात वाढताना तुझा आवाज आला. "आत्या, मला नाय करायचं हे लगीन. तू गाऊ नको, मंग सगळे थांबतील."

आपल्यात धवल्याशिवाय विधी पुढे सरकत नाही. म्हणून तर माझ्याकडे आली होतीस.

सगळा दोष कानांवर ढकलता आला असता. पण लग्न संध्याकाळचं होतं, अंतरपाट धरायला वेळ होता. मी भाताचं पातेलं खाली ठेवलंही. मग मनात आलं, सकाळी का नाय बोललीस असं विचारतील, माझं बिंग फुटेल. पातेलं उचललं, पुन्हा वाढायला लागले. संध्याकाळी गायले, आणि चांगली गायले. मेल्याहून मेल्यासारखं होतं गं आठवलं की.

गणपतीत आलीस, माझ्या पाया पडली नाहीस. बरोबर केलंस.

आज सकाळी तुझ्या बापाला सगळं सांगितलं. कमळाकर थरथरत काहीबाही बोलत होता. ते अजून मला ऐकू आलेलं नाही, जेवणाच्या सुमाराला येईल. त्याआधी पत्र पुरं करते, नंतर हात चालायचा नाही.

रविवारी टेम्पो घेऊन मी आपट्याला, तुझ्या सासरी येते. यायचं असेल तर पिशवी भरून ठेव, तुझ्या सासूशी मी बोलेन. माझं तोंडही बघायचं नसेल तर दार लावून घे. पण तोंडानं 'जा' म्हणू नको, पोरी. ते मला ऐकू येईस्तोवर मी खुळ्यासारखी धरून चालेन, की तू मला माफ केलंस.

तुझी म्हणवायला लाजणारी,
गुणाआत्या