सटवाईची धाकटी बहीण

आई,

तुझी उसवाई अजून चालू आहे. तू जाऊन इतकी वर्षं झाली, पडवीत तुझं शिवणाचं मशीन होतं तिथे आता इन्व्हर्टर ठेवलाय, पण परवा भाजी घेताना एक अनोळखी बाई दुसरीला सांगत होती, "लग्नाच्या ब्लाउजात एक टाका वाकडा हवाच. उसवाईचं असतं ते. हेदवीकडे फार पूर्वीपासून मानतात." फार पूर्वीपासून! मी एवढ्या जोरात हसले की भाजीवाल्याने आपला तराजू तपासला.

त्या देवीच्या जन्माला मी हजर होते. दहावीचा अभ्यास घेऊन तुझ्याशेजारी पडवीत बसले होते. एका मासळीवाल्या मावशींच्या मुलीचं लग्न होतं, आणि तू, जिच्या टिपेला पट्टी लावून बघावी इतकी ती सरळ, नवरीच्या ब्लाउजाला दोन्ही बाह्या उजव्याच लावल्यास. मावशी मिरकरवाडा बंदरावरून टोपली डोक्यावर तशीच घेऊन आल्या. "काय गो बाय, माज्या पोरीला दोन उजवे हात हायत काय?" आवाज असा की समोरच्या बेकरीतली माणसं बाहेर आली. तुझ्या तोंडात टाचण्या होत्या, म्हणून तुला लगेच बोलता आलं नाही. त्या एकेक करून काढेपर्यंत तुला देवी सुचली.

"मावशी, सटवाई कपाळावर लिहिते ना, तिची एक धाकटी बहीण आहे. उसवाई. आभाळ हे तिचं कापड. चांदण्या म्हणजे तिच्या सुईने पडलेली भोकं, त्यातून ती खाली बघते. पोरीच्या नशिबात कुठे टीप चुकलेली दिसली की तिथली उसवते, आणि ती चूक लग्नाच्या कपड्यात घालते. इथे चुकलं म्हणजे तिथलं सुटलं. बाही मी आत्ता बदलून देते, पण तुम्ही आधी हात जोडा."

मावशींनी टोपली खाली ठेवली. हात जोडले. डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या. मग विचारलं, "तिला काय चालतं?" एवढा पुढचा विचार तू केला नव्हतास. इकडेतिकडे बघितलंस आणि म्हणालीस, "पांढरं रीळ." त्यानंतर आपल्या घरात पांढरा दोरा कधी विकत आणावा लागला नाही.

मावशींची मुलगी सुखात नांदली, आणि तिथेच तुझे हाल सुरू झाले. बायका चूक मागायला येऊ लागल्या. शेजारच्या चाची, ज्यांचे यजमान कुवेतला होते, मुलीचा शरारा घेऊन आल्या आणि दार ओढून घेतलं. "आमच्यात देवीबिवी चालत नाय. तिचं नाव पन काढू नको. फकत येक टाका वाकडा घाल." तू घातलास. मुद्दाम चूक करायची म्हणजे तुला दात उपटून घेतल्यासारखं व्हायचं. काखेत, अस्तराच्या आत, कुणाला दिसणार नाही अशा जागी तो टाका घालून तू तोंड फिरवून बसायचीस. एक बाई तर ब्लाउज परत घेऊन आली. सगळा उलटापालटा करून बघितला होता म्हणे. "ताई, काम अर्धं ठेवलंत. चूक कुठाय?" त्या दिवशी तू जेवली नाहीस.

माझं लग्न ठरलं तेव्हा मी तुला बजावलं, "माझ्या ब्लाउजात एक जरी टाका वाकडा निघाला तर मी तो घालणार नाही." तू म्हणालीस, "नाही गो बाय, तुझ्यात कशाला?" आणि खरंच, तसा ब्लाउज मी आजवर पाहिला नाही. उलटा घालावा की सुलटा, असा प्रश्न पडावा इतकी आतली शिवणही सुबक. जावयाची शेरवानीही तूच शिवलीस, हौसेने.

मे महिना. मांडवात पंखा भटजींकडे वळवलेला. नवरा शेजारी घामाने निथळतोय आणि हातातला रुमाल खिशात ठेवायला बघतोय. हात खाली घसरतो. पुन्हा प्रयत्न करतो, पुन्हा घसरतो. दुसरा खिसा, तेच. मी हळूच वाकून बघते तर दोन्ही खिसे शिवलेले! बारीक, वाकड्या टाक्यांनी. भटजी म्हणतात, "मुलीचा हात हातात घ्या," आणि आमचं पाणिग्रहण मध्ये एक ओला रुमाल धरून होतं. मी तुझ्याकडे बघते. तू मांडवाच्या छताची झालर निरखत असतेस, जणू तिची शिवण कुणी तुला तपासायला सांगितलीय.

पाठवणीला तू माझ्या गळ्यात पडून रडत होतीस आणि मी तुझ्या कानात भांडत होते.

"खिसे का शिवलेस?"

"तुझ्यात नको म्हणालीस. जावईबापू कुठे काय म्हणाले होते?"

"अगं, ती देवी तू बनवलीस! माझ्यादेखत!"

"मीच बनवली," तू पदराने नाक पुसलंस. "पण इतक्या बायकांनी मानली. त्यातल्या एखादीने खरी करून ठेवली असली तर? तुझ्या बाबतीत मी कशाला परीक्षा घेऊ?"

मग तू पुन्हा रडू लागलीस, आणि मला राग कुठे ठेवावा ते कळेना.

पुढच्या आठवड्यात तुझ्या नातीचं लग्न आहे. ब्लाउज पुण्याहून शिवून आलाय, देखणा, एक दोरा कुठे लोंबत नाही. ती म्हणाली, "आई, हात लावू नकोस हं." हे पत्र कुठे पोचायचं नाही म्हणूनच तुला सांगते. मला शिवण कधीच आली नाही, माझा टाका म्हणजे पूर्णगडचा वळणावळणाचा रस्ता, हे तुझंच म्हणणं. तर आज दुपारी ती पार्लरला गेल्यावर मी दार लावून, चष्मा घालून तो ब्लाउज घेऊन बसले. एक टाका घातला. सरळ आला. आयुष्यात पहिल्यांदा. उसवला, दुसरा घातला, तोही सरळ. शेवटचा डोळे मिटून घातला आणि ब्लाउज तसाच घडी घालून कपाटात ठेवून दिला.

टाका कसा आलाय ते बघायचा धीर अजून झालेला नाही.