हाईनिशचं जंगल आणि केतनचा अर्ज

१९ एप्रिल, रविवार. येना, जर्मनी

जंगल! विमानात बसून, पाय सुजवून इतक्या लांब आले आणि पहिल्याच रविवारी काय पाहिलं — तर जंगल! लेकाला, केतनला म्हटलं, अरे बाप्पा, अमरावतीहून चिखलदऱ्याला एसटी जाते. तो नुसता हसतो.

गाडीने सव्वा-दीड तास. हाईनिश नॅशनल पार्क. आधी व्हिजिटर सेंटर — सगळं लाकूड आणि काच. बटण दाबलं की घुबड बोलतं, दुसरं दाबलं की सुतारपक्षी ठोकतो. बारकी पोरं झाडाच्या मुळांतून रांगत जातात आणि पलीकडून बाहेर पडतात. संडास इतके स्वच्छ की चपला काढून जावं वाटलं. आणि जंगलात शिरलो तर लसणाचा वास! खाली पायाशी सगळीकडे हिरवीगार पानं, रानलसूण म्हणे. मला वाटलं कोणी फोडणीच घातली. भूक लागली लगेच.

आमचं धामणखोऱ्याचं माहिती केंद्र आठवलं. एक खोली. भिंतीवर उन्हाने पिवळा पडलेला सांबराचा फोटो, बरण्यांत दोन साप, आणि वाघाच्या पंजाचा प्लास्टरचा ठसा, तो कागद उडू नयेत म्हणून वहीवर ठेवलेला. हे तिथले बीटगार्ड, दिवसभर रानात. मग किल्ली कोणाकडे? माझ्याकडे! शाळेची सहल आली की पोळ्या तव्यावर टाकून मी जायचे सांगायला. सापांची नावं मला अजून पाठ आहेत.

२० एप्रिल

आता कळलं मला इथे कशाला आणलं ते.

केतनला नोकरी सोडायची आहे. लेन्सच्या मशिनी बनवणाऱ्या कंपनीत चांगला इंजिनिअर आहे, सगळं छान चाललंय — आणि ह्याला रेंजर व्हायचंय! त्याच हाईनिशमध्ये. आधी शिकाऊ म्हणून घेतात, मग परीक्षा. पुढच्या महिनाअखेर, म्हणजे मे संपायच्या आत, अर्ज द्यायचा. पगार निम्मा. सगळं मोबाइलवर दाखवलं मला, अगदी रेंजरच्या टोपीसकट.

मी म्हटलं, बापाचं काय झालं ते विसरलास का? तो शांतपणे म्हणाला, "तू नाही म्हण, मी अर्ज करणार नाही. पुन्हा विषयही काढणार नाही."

हे असं करतो हा! भांडला असता तर बरं झालं असतं. आता सगळं माझ्या गळ्यात.

२३ एप्रिल

ह्यांना जाऊन सतरा वर्षं झाली आज. केतनने सुट्टी घेतली. फोटोपुढे मेणबत्ती लावली, दोघांनी त्रिसरण-पंचशील म्हटलं. केतनचं शेवटी अडलं, मी पुढे म्हटलं.

नंतर तो विचारत बसला. बाबा कसे गेले, पुन्हा सांग म्हणाला. तेव्हा बारा वर्षांचा, होस्टेलला होता. नेहमीचंच सांगितलं — वॉकीटॉकीवर निरोप आला, टेकडीमागे आग लागली, हे धावले, वारा फिरला. बस. तेवढंच सांगते सगळ्यांना.

१ मे

बुद्ध पौर्णिमा. इथेही सुट्टी, कामगारांची. खीर केली. दूध फार चांगलं हो इथलं, वेलदोडा मात्र मी आणलेला.

धामणखोऱ्यात आज गणना असायची. पौर्णिमेच्या उजेडात पाणवठ्यावर मचाणावर बसायचं आणि येईल तो प्राणी लिहायचा. एका वर्षी एक गडी आजारी पडला म्हणून ह्यांनी मला नेलं. अस्वल आलं, पाठीवर दोन पिल्लं. मी लिहिलं — अस्वल, एक. हे कानात म्हणाले, कमल, पाठीवरच्यांनी काय गुन्हा केला? मी हसू दाबता दाबता ठसका लागून मेले आणि अस्वल पळालं! साहेबांना खरं कारण कधी कळलं नाही.

काय दिवस होते. वीज नव्हती, पाणी डोक्यावर आणायचं, वानरं खिडकीतून पोळ्या न्यायची. मी रोज कटकट करायचे. गावात बदली मागा, म्हणून ह्यांच्या मागे लागायचे. शेजारणींना सांगायचे, मला ह्या जंगलाची शिसारी आहे.

ते मोहाच्या फुलांचे दिवस परत मिळाले तर अनवाणी जाईन.

३ मे

आज रानमांजरांचं गाव पाहिलं. हाईनिशच्याच कडेला. गाव म्हणजे काय, चार मांजरं! त्यांच्यासाठी एवढं मोठं कुंपण, माहिती केंद्र, वेळ लावून खाणं घालायला माणूस, आणि पाहायला शंभर माणसं चिडीचूप. आपल्याकडे शंभर माणसं चिडीचूप बसलेली मी फक्त निकालाच्या दिवशी पाहिली. मांजर दिसायला आपल्या घरच्यासारखंच, शेपटी मात्र जाडजूड, टोकाला बोथट. तो माणूस जर्मनमध्ये सांगत होता, केतन मला मराठीत सांगत होता. सांगताना त्याचे हात! डिट्टो बाप. इतकं बोलायला लागलेला मी ह्याला दहा वर्षांत पाहिला नाही. ऑफिसचं विचारलं तर, ठीक आहे, नाहीतर जर्मनमध्ये 'या, गेनाऊ', म्हणजे हो, बरोबर. संपलं.

परतताना गाडीत मी विषय काढला. म्हटलं इथे वाघ नाही, अस्वल नाही, तरी धोका असेलच की. झाडं पडतात. आगी लागतात. तो म्हणाला हो, लागतात. खोटं बोलत नाही मेला.

६ मे

नाहीच म्हणणार. ठरलं.

१० मे

आज माझ्यामुळे केतनची चांगलीच फजिती झाली. की नाही झाली — कोण जाणे.

पुन्हा हाईनिश. काल पाऊस झालेला, पायवाटेला चिखल. केतन पुढे, मी मागे. आणि चिखलात ठसा! ताजा. चार बोटं, गोल, नखं उमटलेली नाहीत. म्हणजे कोल्हा नव्हे, कुत्रा नव्हे, मांजराच्याच जातीचं काहीतरी. मागून शाळेच्या पोरांचा घोळका येत होता, तुडवलाच असता. मी मागचापुढचा विचार केला नाही. डब्यातले पराठे रुमालात काढले, डबा ठशावर उपडा घातला, भोवती काटक्या खोवल्या, वर दगड ठेवला. धामणखोऱ्यात हे टोपली घालायचे तसं. साहेब येऊन माप घेईपर्यंत ठसा मोडू नये म्हणून. सकाळी नाक्यावर टोपल्या संपल्या की माझी परात जायची!

तेवढ्यात त्या पोरांबरोबरची रेंजर बाई आली. वाटेत मधोमध स्टीलचा डबा, वर दगड. तिचा चेहरा बघण्यासारखा झाला. केतन लाल. इथे जंगलात काडीसुद्धा हलवायची नाही, सगळं आहे तसं पडू द्यायचं, आणि ह्याच्या आईने वाटेवर कारखाना मांडलेला! तो माफी मागायला लागला. मी म्हटलं, माफी नंतर माग, आधी तिला डबा उचलून बघायला सांग.

बाई वाकली. गुडघे चिखलात टेकून बसली. पट्टी काढली, फोटो घेतले, पोरांना गोल उभं केलं. मग केतनला म्हणाली, हे कुठे शिकल्या? मी मराठीत सांगत गेले, तो जर्मनमध्ये. टोपली, परात, पुढचा पंजा कुठला, मागचा कुठला, चालत होता की पळत. पोरं ऐकत होती. मी पाऊण तास बोलले! जाताना बाईने माझा हात दोन्ही हातांत धरला. रानमांजरच असेल असं छातीठोक सांगता येत नाही, पण असावं म्हणाली.

पराठे गाडीतच खाल्ले. केतन एकदम म्हणाला, "आई, तुला तर जंगल आवडत नव्हतं ना?"

मी लोणचं दे म्हटलं.

११ मे

झोप नीट लागली नाही. सारखं तेच. केतनला सांगायला हवं. काय सांगायला हवं ते इथेही लिहवत नाही.

१७ मे

आठवडाभर पाऊस. केतन अर्जाचं काढत नाही. मीही काढत नाही. दोघं गुपचूप वरणभात जेवतो. अमरावतीच्या ऑफिसातून फोन, माझी रजा वाढवायची का. ह्यांच्यामागे अनुकंपावर लागले तेव्हापासून एकदाही वाढवली नव्हती. वाढवा म्हटलं.

२४ मे

जोडून सुट्टी म्हणून बव्हेरियाच्या जंगलात आलो. हे नॅशनल पार्क फार मोठं, डोंगराचं. व्हिजिटर सेंटर छान, पण माझं लक्ष नव्हतं. मग वर डोंगरावर गेलो आणि माझे पायच थांबले. उभी मेलेली झाडं. राखाडी, बिनफांद्यांची, लांबपर्यंत. केतन म्हणाला, कीड लागली होती, किती वर्षांपूर्वी, इथे मुद्दाम तोडली नाहीत. खाली बघ, नवीन झाडं आपोआप आलीत.

मला खालचं दिसेना. ह्यांना आणलं त्या दिवशीची टेकडी अशीच दिसत होती. बाकावर बसले आणि रडले. भर माणसांत, पदर तोंडावर घेऊन. सतरा वर्षांत अशी रडले नव्हते. एका म्हातारीने पाण्याची बाटली आणून दिली, न विचारता.

केतन माझ्या पायाशी बसला. म्हणाला, नाही करत मी अर्ज. राहू दे. कंपनी बरी आहे. अगदी हसत म्हणाला. मला हवं तेच तर म्हणाला! मग बरं का नाही वाटत?

२८ मे

सांगितलं आज. चहा ठेवताना, त्याच्याकडे पाठ करून.

निरोपबिरोप काही आला नव्हता. त्या दिवशी ह्यांची रजा होती. जेवून झोपले होते. धूर मला दिसला. मीच हलवून उठवलं — अहो, उठा, आपलं जंगल पेटलंय.

केतन उठून माझ्याशेजारी येऊन उभा राहिला. म्हणाला, "मीपण उठवलं असतं, आई."

अर्ज गेला. बटण मी दाबलं.