नीराबाई, एवढंच

मुंबई, ता. ९ जानेवारी १९५९

ती. नीरामावशीस केसरचा वाकून नमस्कार.

तुमच्या बंदरावर घेतलेला माहितीपट महिनाअखेर दाखवायचा ठरला. काल आमच्या साहेबांनी स्वतः सांगितले. चित्रफीत कापून जोडायची जुळणी माझ्याकडे आहे. पण मावशी, त्यात तू दिसतेस, तुझा आवाज नाही. तुझे ओठ हलतात आणि वरून एक भारदस्त गृहस्थ ‘ही कष्टाळू कोळीण’ म्हणून तुझी ओळख करून देतात.

कचेरीचा नियम असा, की बाईने पूर्ण नाव स्वतःच्या तोंडाने फितीवर सांगावे, तरच तिचा आवाज चित्रात ठेवायचा. तू नवऱ्याचे नाव कसे घेणार? हसून समुद्राकडे पाहिलेस. नोंदणाऱ्याने फितीच्या डब्यावर ‘बाई बोलत नाही’ असे लिहून टाकले. मी सहज फीत लावली, तर तू बोलते आहेस. वाळवण राखताना डोळा लागला की दर्या उंबऱ्याशी येतो आन् जेवलीस का इचारतो, म्हणतेस. ते ऐकत मी चित्र उलटे फिरवले. होड्या पाठमोऱ्या समुद्रात गेल्या, बोंबील दोरीवरून उडून टोपलीत बसले, आणि तू बोलतच होतीस.

मी यंत्र घेऊन येते. एकदाच काकांचे नाव घे. मागून मी तेवढे कापून टाकीन.

तुझी केसर

श्रीवर्धन, ता. १५ जानेवारी

चि. केसरला मावशीचे आशीर्वाद.

लिहिणारी बायजा. मी न्हाय म्हणते, ती नाही लिहिते. शिकलेली सून आणल्याचे फळ.

नाव मी घेणार नाही. मागून कापते म्हणतेस. कापलेला शब्द जातो कुठे, ते कळव. आमची माणसे दर्यावर असतात, वाऱ्यावर काही सोडताना आम्ही जपतो. बायजाच्या सासऱ्यांना सांगितले, तर जाळे शिवता शिवता म्हणाले, मीच मुंबईला येऊन माझे नाव ओरडतो. मी म्हटले, होडीवर तुमचे नाव, घरावर तुमचे; बोलले ती मी. नीराबाई, एवढंच लिहा. चालत नसेल तर माझे तोंडही काढून टाक. परक्या बाप्याच्या आवाजात मला गावोगाव फिरायचे नाही.

सोबत सुके बोंबील पाठवते. माया पातळ होऊ देऊ नकोस.

नीरामावशी

मुंबई, ता. २२ जानेवारी

ती. मावशीस नमस्कार.

बोंबलांच्या वासाने कचेरीतले दोघे रजा मागायला निघाले होते. कापलेला शब्द कुठे जातो, ते मला ठाऊक नाही. इतकी वर्षे कापते आहे, पण असे कुणी विचारले नव्हते.

तुझे पत्र साहेबांना वाचून दाखवले, मग फीत लावली. त्यांनी डोळे मिटून ऐकले. नियम मीच केला, मीच मोडतो, म्हणाले. पण बाईंना आधी ऐकवा, त्या हो म्हणाल्या तरच ठेवा. भारदस्त गृहस्थांना मी तेवढ्या जागी गप्प बसवले आहे.

शनिवारच्या बोटीने येते. स्वतःला पहिल्यांदा ऐकणारे माणूस नेहमी म्हणते, हा माझा आवाज नव्हे. तूही म्हणशील. बायजा हसेल. मी फीत मागे घेऊन पुन्हा लावीन.

तुझी केसर