खालचं पाणी माझं

३ मार्च १९७२
निर्माते वेहबी बेंनी दुसराही सिनेमा तुर्गायलाच दिला! परवापरवापर्यंत हा माझी तिपाई खांद्यावर वाहायचा. आता स्वतःच कॅमेरामन! जर्मनीहून मागवलेलं प्रकाशमापक गळ्यात ताइतासारखं मिरवतो. मी वीस वर्षं तळहातावर ऊन बघून भिंग उघडतोय. "उस्ताद, तुमचे डोळे म्हणजे देणगी!" म्हणे. गोड बोलायला काय जातं!
मुअल्ला म्हणाली, "जळायचं ते जळा, पण कॉफी उतू चाललीय तिकडे बघा." बायको की वैरीण?

११ मार्च
दिवसभर उस्कुदारच्या धक्क्यावर चित्रण. पाणी, सुटणारी बोट — ऊन असं मिळालं की बस! परत कचेरीत आलो तर वेहबी बेंचा हात तुर्गायच्या खांद्यावर. "उन्हाळ्यातला रंगीत सिनेमा कुणाला द्यायचा, ते महोत्सवानंतर बघू." म्हणजे माझा नक्की नाही! इस्तंबूलमध्ये आधी मी, मग बाकीचे, असं होतं ना? रागारागात दिवसभराच्या फिल्मचा डबा कपाटात आदळला नि घरी आलो.

१२ मार्च
लिहू की नको? लिहितोच. इथे कोण वाचतंय.
कालच्या डब्यावर लाल पट्टी लावायची राहिली. फिल्म आमच्याकडे रेशनच्या साखरेसारखी. पट्टी असली तर चित्रण झालेला डबा, नसली तर कोरा. सगळा धंदा त्या पट्टीच्या भरवशावर चालतो. सकाळी तुर्गायनं नेमका तोच उचलला. झाकणाचा पोचा मी ओळखला. काळ्या पिशवीत हात घालून तो फिल्म कॅमेऱ्यात भरत होता आणि मी समोर चहा पीत होतो. एक शब्द पुरे होता. तोंडात घास होता म्हणू? नव्हता.
त्याच फिल्मवर त्यानं नायिकेचं मरण घेतलं. एकदाच! दुसऱ्यांदा घ्यायला फिल्म आहे कुठे? बाई लगोलग इझमीरला निघून गेली.

१७ मार्च
फिल्म धुऊन आली. सगळे बघायला बसलो, मी मागच्या खुर्चीत. अंधाऱ्या खोलीत मरणारी बाई — आणि चेहऱ्यावरून पाणी वाहतंय, उलटं! बोट खाली डोकं वर पाय, मागे मागे जातेय. माझ्या चित्रणावरच त्याचं चित्रण बसलं, तेही फिल्म शेपटाकडून भरून, दुसरं काय. तुर्गाय पांढराफटक. मनात म्हटलं, मेलास बेट्या!
तर दिग्दर्शक रडायलाच लागला! "तिचा जीव समुद्राकडे परत चाललाय रे!" वेहबी बेंनी तुर्गायच्या कपाळाचा मुका घेतला. आणि तो गाढव मान खाली घालून — "बरेच दिवस डोक्यात होतं."
डोक्यात!

२ एप्रिल
"पहिलं बिघडलं," असं सांगून बोटीचं दृश्य पुन्हा घेतलं. ऊन नव्हतं.

२० जून
महोत्सवात बक्षीस त्यालाच. मासिकात मोठा फोटो. "या दृश्यावर मी सहा महिने विचार करत होतो." सहा महिने! अरे, ती बोट माझी, ते ऊन माझं! मुअल्लाला सांगायला तोंड उघडलं नि मिटलं. ऊन माझं म्हणायचं तर गप्प बसणंही माझंच म्हणावं लागेल. मग माझ्या हाती कोण कॅमेरा देईल? आमच्यात दारुडा चालतो, भांडखोर चालतो. डब्याबाबत गप्प बसणारा चालत नाही.

२४ जून
दुपारी वेहबी बेंकडून सगळ्यांना जेवण. मासे, राकी. तुर्गायसाठी ग्लास वर गेले. "त्या पाण्याच्या नावानं!" मी उठलो नि ओरडलो, "पाणी माझं आहे! उस्कुदारचं! अकरा मार्चचं!"
तुर्गायनं काटाचमचा खाली ठेवला.
"उस्ताद... मी डबा भरत होतो तेव्हा तुम्ही समोरच बसला होतात."
हो, म्हणालो.