तळाचे तीन मिलिमीटर

गुरुवार, १९ मे. पाटोदा

डोंगरात पळायच्या बुटाच्या आराखड्यात मी तळाचे दाते पाच मिलिमीटरचे दिले होते. कारखान्याच्या नमुन्यावर तीन भरले. पुन्हा मोजले, तीनच. दुष्काळाने मुरूम पिठासारखा झालाय. शेळ्या राखणारी रुक्मिण तो जोड घालून उतारावर पळाली आणि कोपर सोलून आली. "ताई, ह्यापरीस माझी चप्पल बरी."

आमच्या सहकारी संस्थेचे चेअरमन म्हणाले, "हापिसातल्या फरशीवर लई टोचत होते. मीच कमी करायला लावले. तुमी कावून तापता? नमुना मान्य म्हणून सही करा."

फरशीवर!

मान्य नमुन्याशिवाय कारखाना माल काढत नाही, आणि नमुना हा एकच होता. मी करवत घेतली आणि त्यांच्यासमोर बूट उभा कापला.

"पोरी, संस्थेचा माल हाय तो!"

रागाने कापला का मी? असेल. पण कापलेल्या तळाला पट्टी लावून त्यांनाच वाचायला लावलं. तीन.