आत्याची पाठ

कासुर्डी, ३ नोव्हेंबर १९९६

ती. अक्कास भिमाचा सा. न. वि. वि.

मुलगी झाली. रंग माझा, नाक तुझं. म्हंजी लग्नाचा घोर आत्तापासूनच. सव्वा महिन्यानं बाळंतीण माहेराहून येईल, तवाच बारसं करू. आत्या तू एकटी. कानात नाव तुलाच सांगावं लागेल, आन् मग पाठीत धपाटे. वस्तीवरच्या बायका हात चोळून तयार आहेत. रजा आजच मांड.

लोभ आहेच, तो पाठीवर घ्यायला ये.

तुझा,
भिमा

शिरूर, १२ नोव्हेंबर

चि. भिमास अ. आ.

वाचून बरं वाटलं. रजा मिळणार नाही. दवाखाना नवा, क्षयाच्या वॉर्डात नर्स मी एकटीच. नाव दुसऱ्या कुणीही सांगावं. आईस नमस्कार.

तुझी,
अक्का

कासुर्डी, २० नोव्हेंबर

ती. अक्कास सा. न. वि. वि.

आई नीट जेवत नाही. म्हणते, परक्यांचं गू-मूत काढायला हिला वेळ हाय, भावाच्या पोरीपुढं वाकायला न्हाई. दिवाळीलाही आली नाहीस. आमचं काय चुकलं ते तरी लिही. नाहीतर मीच न्यायला येतो.

राग धरू नये, ही विनंती.

भिमा

शिरूर, २७ नोव्हेंबर

चि. भिमास अ. आ.

येऊ नकोस. मला क्षय झालाय.

तोंडाला फडकं बांधून गोळ्या द्यायच्या, असा नियम. मी बांधायची. पेशंट तोंड फिरवायचे. सिस्टरलाच आमची किळस, तर घरचे कसे जवळ घेतील, म्हणायचे. गोळ्या थुंकायचे. मी फडकं सोडलं. गिळू लागले. काहीजण आपल्या पायांनी घरी गेले. डॉक्टरबाई माझ्यावर रागावल्या, मग त्यांनीही फडकं सोडलं.

मला गोळ्या लागू पडत नाहीत. त्याच वॉर्डात कोपऱ्यातली खाट दिलीय.

कानात नाव सांगायचं म्हणजे बाळाच्या गालाशी श्वास सोडायचा. माझा नको. नाव ज्ञानेश्वरी ठेवा. आत्या म्हणून मालनकाकूंना बसवा.

आशीर्वाद लांबूनच.

अक्का

कासुर्डी, १६ डिसेंबर

ती. अक्कास सा. न. वि. वि.

उन्हानं रोग मरतो, असं कुणी सांगितलं म्हणून आईनं तुझं पत्र काठीनं अंगणात सरकवलं. मग ऊन उतरेपर्यंत त्याच्याशेजारीच बसून राहिली.

बारसं झालं. शेजारच्या मालनकाकू पाळण्यात वाकल्या, ज्ञानेश्वरी नाव सांगितलं, आन् पाठ तशीच वाकवून थांबल्या. पाळण्याभोवती एवढ्या बायका, पण कुणाचा हात उठला नाही. शेवटी आईच म्हणाली, घुगऱ्या वाटा.

काकू बराच वेळ वाकलेल्याच होत्या.

लोभ आहेच. धपाटे तुझ्या वाट्याचे ठेवलेत.

तुझा,
भिमा